ऊन लागलेलं रीळ

कॅमेरा काढण्याआधी वामनराव वस्तूला हात जोडायचे. मग ते जातं असो, खाट असो, की मेलेल्या माणसाची काठी. मी हसलो तर म्हणाले, "काऊन हासून राह्यला बे? आपण तिच्या घरी आलो, थे आपल्या घरी नाई आली."

महाराष्ट्र राज्य नवं नवं होतं तेव्हाची ही गोष्ट. वामनराव मलकापूरच्या टॉकीजमध्ये मशीन चालवायचे. त्यांनी एक जुना, चावीचा कॅमेरा घेतला होता आणि सुट्टीला गावोगाव फिरून झपाटलेल्या वस्तूंचा माहितीपट काढत होते. आमच्या जळगाव जामोदकडे आले की तिपाई मी उचलायचो. एका घरी झपाटलेली खाट काही केल्या हलेना. मी म्हटलं, काळा दोरा बांधून ओढू. असे चिडले! "खोटंच दाखवाचं असन त टॉकीजात काय कमी हाय? दिसन थेच घेईन."

त्यांना माझ्या घरी मीच आणलं. आमचं पहिलं पोर तीन महिन्यांचं होऊन गेलं होतं. त्यानंतर भर दुपारी, सगळे शेतात असताना, पाळण्याची कडी करकरायची. शेजारीण ऐकायची. रिकामा पाळणा आमच्यात कोणी हलवत नाही, म्हणजे भूतच. माझी माय म्हणे, सुनेनं माहेरून आणलं, तिले परत धाड. माझी बायको गंगा खाली मान घालून भाकरी थापत राहायची. मला वाटलं, भूत कॅमेऱ्यात आलं तर पाळणा जाळून टाकू. बायको तरी घरात राहील.

उजेडासाठी वामनरावांनी छपराचे चार कवेलू काढले. आम्ही दोघं कणगीमागं बसलो.

दुपारी गंगा आली. शेतातून, एकटीच. पाळण्याशी बसली, दोरी धरली आणि हलवायला लागली. कडीच्या आवाजात कॅमेऱ्याची घरघर तिला ऐकू आली नाही. वामनरावांनी डोक्यावरची टोपी काढून भिंगावर ठेवली, कॅमेरा काखेत घेतला, माझं मनगट धरलं आणि मागच्या दारानं मला बाहेर नेलं.

परसात त्यांनी कॅमेरा उघडला आणि रीळ ओढून उन्हात धरलं. ऊन लागलं की फिल्म संपली.

"भूत नाई बे," म्हणाले. "माय हाय थे."

संध्याकाळी माझ्या मायला म्हणाले, "आजी, कडी झिजली. वाऱ्यानं वाजते. सुनेले काऊन बोल लावता?" दोरा बांधू न देणारा माणूस, त्याचं हे एवढंच खोटं मी ऐकलं. मायनं मानलं. गंगा राहिली. वामनरावांचा माहितीपट काही पुरा झाला नाही. पुढं छातीच्या दुखण्यानं ते गेले.

मी पाहिलं, हे गंगेला कधी सांगितलं नाही. पाळणाही मोडला नाही. दुपारी शेतातून जरा उशिराच यायचो.

औंदा गंगा गेली. पोरींनी सगळ्या पेट्या धुंडाळल्या, भिंतीवर लावायला तिचा एक फोटो निघाला नाही. आम्ही काढलाच नव्हता. वामनरावांनी केलं ते बरोबरच केलं. पण त्या रिळात ती होती. पाठमोरी का होईना, हलत होती.