एकोणसत्तरवरचा नावाडी

आमच्या चष्म्याच्या दुकानामागे एक अरुंद खोली आहे. तिथं ताई काचा घासायची. गिऱ्हाइकानं काउंटरवर माझ्याकडे फ्रेम पसंत केली, की गोल काच मागे जायची आणि ताई ती ओल्या चाकावर धरून फ्रेमच्या आकाराची करायची. जरा जास्त घासली तर काच खुळखुळते, जरा कमी घासली तर बसवताना फ्रेम तडकते. चाकावरून दुधासारखं पाणी ओघळत राहायचं. ते ताईच्या मनगटांवर वाळायचं आणि संध्याकाळी ती घरी निघायची तेव्हा हातांवर पांढरे ठिपके घेऊन निघायची.

तिला सगळेच ताई म्हणायचे. मी तिच्याहून लहान, मी म्हणायचे ते ठीक. पण मालक तिच्याहून चांगले मोठे, तेही ताईच म्हणायचे. खरा भाऊ मात्र एकच. धाकटा. आईवडील दोघंही दिवसभर कामावर असायचे, त्यामुळे त्याला अंघोळ घालण्यापासून पाढे घेण्यापर्यंत सगळं ताईनं केलेलं. आता तो समुद्रापलीकडे पवनचक्क्या दुरुस्त करायला गेला होता. त्याचा फोन यायचा आणि मला काउंटरवर ताईची बाजू ऐकू यायची.

"जेवलास का? ... हो, मीपण. ... हवा कशी आहे? ... वारा आहे? बरं."

पवनचक्कीवरचा माणूस याहून वेगळं काय सांगणार! फोन ठेवला की ताई पुन्हा चाकाकडे वळायची. दोघांचा एकमेकांवर जीव होता, पण बोलायला विषय उरला नव्हता.

मग त्यानंच सुचवलं, आपण गेममध्ये भेटू या.

"या वयात मी बंदुका चालवू?" ताई म्हणाली.

"बंदुका नाहीत गं. ठोकळ्यांचं जग आहे. खणायचं, बांधायचं, झाडं लावायची. बोलायला काही नसलं तरी चालतं. नुसतं बरोबर हिंडायचं."

त्यानं त्यासाठी एक सर्व्हर भाड्यानं घेतला होता. म्हणजे कुठंतरी लांब, सतत चालू असलेला एक संगणक; त्यात त्या दोघांचं जग राहणार. त्या संगणकाला पत्ता होता, पण त्यात ना गल्ली ना घर, नुसते आकडे आणि मध्ये मध्ये टिंबं. त्याला आयपी अ‍ॅड्रेस म्हणायचं. तो टाकला की दार उघडतं, असं भाऊ म्हणाला. मागच्या खोलीतल्या जुन्या संगणकावर ताईनं त्याच्या सांगण्याप्रमाणे गेम बसवला. स्वतःचं नाव टाकायची वेळ आली तेव्हा दुसरं काही सुचेना, म्हणून 'ताई' असंच टाकलं. भाऊ फोनवरून एकेक आकडा सांगत गेला. पलीकडे वारा नुसता घोंघावत होता.

"आणि शेवटी एकोणसाठ," तो म्हणाला. "माझं नाव तिथं गमतीचं आहे. ओळख बघू!"

एकोणसाठ. 'एकोण'नं आयुष्यात कुणाला फसवलं नाही? ताईच्या कानानं साठ पकडलं, बोटानं सहा दाबला आणि मग नऊ. दार उघडलं.

पुढचं मला तिनंच सांगितलं, आणि सांगताना ती माझ्याकडे बघत नव्हती. ती एका नदीच्या काठावर उभी होती. वाळू पिवळी, पाणी संथ, आणि चौकोनी सूर्य हळूहळू डोंगरामागे उतरत होता. समोर निळ्या सदऱ्यातला एक माणूस उभा. डोक्यावर नाव तरंगत होतं, 'नावाडी'. ताईला हसूच आलं. लहानपणी भाऊ घरातलं टेबल उलटं करून त्यात बसायचा आणि त्याची नाव करायचा. म्हणजे अजून तेच वेड!

नावाडी काही बोलला नाही. कितीतरी वेळ तिच्याकडे बघत राहिला. मग वळला, चार पावलं गेला, थांबून मागे पाहिलं. ती येते आहे असं दिसल्यावर पुढे निघाला. एका जागी त्यानं तिच्यापुढे फावडं टाकलं. तो नदीपासून समुद्रापर्यंत कालवा खणत होता. ताईनं फावडं उचललं आणि त्याच्या शेजारी खणायला लागली.

आमचं दुकान दुपारी थोडा वेळ बंद असतं. शटर अर्धं खाली, मालक खुर्चीत मान टाकून घोरत असतात. त्या वेळात ताई डबा कसाबसा उरकून नदीकाठी जायची. मी कधी मागे डोकावले तर खिडकीतून आलेलं ऊन काचांच्या मांडणीतून झिरपून भिंतीवर पडलेलं असायचं, लहानमोठी प्रकाशाची वर्तुळं, आणि त्यांच्यामध्ये ताई पडद्याकडे बघत बसलेली. चेहरा असा की हाक मारायचं धाडस होऊ नये.

तिकडे पाऊस पडायचा तेव्हा दोघं झाडाखाली उभे राहायचे. नावाडी खणून झाल्यावर काठाला फुलं लावायचा. त्यानं तिच्यासाठी कालव्याजवळ एक घर बांधलं, खिडक्यांसकट, पण खिडक्या मोकळ्याच ठेवल्या. त्या जगात वाळू भट्टीत घातली की काच तयार होते, हे ताईला एक दिवस कळलं आणि तिचा आनंद गगनात मावेना. तिनं टोपलीभर वाळू आणली, भट्टी पेटवली आणि सगळ्या खिडक्यांना काचा बसवल्या. "इथंही माझ्या नशिबी काचाच," ती मला म्हणाली. पण म्हणताना डोळे हसत होते. काचा बसवून झाल्या तेव्हा नावाडी घराभोवती पुन्हा पुन्हा चकरा मारत राहिला. मग दोन होड्या पाण्यात सोडल्या गेल्या. तो पुढे, ती मागे, खणून झालं होतं तिथपर्यंत.

बोलायची सोय होती, अक्षरं टाइप करता यायची. पण त्यानं कधी अक्षर लिहिलं नाही, मग तिनंही नाही. त्या गप्प बसण्यातच तिला काहीतरी सापडलं होतं, ते मोडायची भीती वाटायची. फोनवर ती भावाला एवढंच म्हणाली, "छान वाटतं रे." त्याला वाटलं, फोन केला म्हणून छान वाटतं.

कामात मात्र ती जरा हरवल्यासारखी झाली होती. एकदा तिनं उजवी काच डावीकडे बसवली. मालकांनी चष्मा डोळ्यांना लावून पाहिला आणि म्हणाले, "ताई, हा चष्मा घालून मला दुकान तिरकं दिसतंय. तू सध्या असतेस कुठं?"

"नदीवर," ताई म्हणाली. मालकांना वाटलं थट्टा करतेय.

आणि एका दुपारी, डबा खाऊन ती संगणकापुढे बसणार तोच भावाचा फोन आला.

"ताई, एक विचारू? रागावू नकोस. तो सर्व्हर बंद करू का? उगाच चालू आहे."

"बंद? अरे, कालवा अर्धा राहिलाय!"

"कसला कालवा?"

"कसला म्हणजे? आपण रोज खणतो तो. नावाडीबुवा, वेड पांघरू नका."

"कोण नावाडी? माझं नाव तिथं 'पंखा' आहे. मी येऊन बघतो तर कुणीच नसतं. मला वाटलं, तुला कंटाळा आला. विचारून उगाच तुला संकोचात टाकायचं कशाला, म्हणून गप्प बसलो."

ताई संगणकापुढे बसली. त्यानं तिला पडद्यावरचा पत्ता वाचायला लावला. ती वाचत गेली. शेवटी आली तेव्हा तो ओरडलाच, "सहा नऊ? अगं, पाच नऊ! एकोणसाठ!" मग त्यानं समजावलं, की एकाच कंपनीचे असे सर्व्हर ओळीनं असतात, लांबच लांब बोळात शेजारी शेजारी दारं असावीत तसे. "इतके दिवस तू दुसऱ्याच्याच खोलीत जाऊन बसत होतीस. आणि तोही भला माणूस, कुलूप न लावणारा."

फोन ठेवल्यावर ताई बाहेर माझ्याकडे आली. हात कोरडे होते, तरी पुसत होती. "मग तो कोण गं? आणि त्यानं मला येऊ कसं दिलं?"

"विचार की," मी म्हणाले आणि तिच्याबरोबर मागे गेले.

नावाडी होताच. कालव्याच्या टोकाशी, फावडं घेऊन. ताईनं पहिल्यांदाच अक्षरं लिहिली. 'तुम्ही कोण?'

तो जागच्या जागी थांबला. मग अगदी हळू, एकेक अक्षर शोधून लिहिल्यासारखं उत्तर आलं.

'ताई, शेवटी बोललीस. अगं, मी बाबा.'

मी म्हणाले, "बंद कर. काही लिहू नकोस. उद्यापासून जाऊ नकोस, म्हणजे झालं."

"आणि तो तिथंच उभा राहील?" ताई म्हणाली. तिनं लिहिलं, 'मी तुमची ताई नाही. दुसऱ्याच कुणाची ताई आहे. आकडा चुकला म्हणून इथं आले. मला माफ करा.'

तो हलला नाही. तिकडे सूर्य उतरला, चौकोनी चांदण्या उगवल्या, पाणी काळं झालं. मग तो दिसेनासा झाला आणि पडद्याच्या कोपऱ्यात ओळ आली, नावाडी बाहेर गेला.

पुढे बरेच दिवस तो आला नाही. दार उघडंच होतं. ताई जायची, खणायची नाही, नुसती घराच्या पायरीवर बसायची. मला तिचा राग यायचा. परक्या माणसाच्या दुःखात कशाला पाय अडकवायचा? पण ती म्हणायची, "मी त्याच्याकडून कुणाचीतरी माया घेतली गं. चुकून का होईना, घेतली. आता पाठ कशी फिरवू?"

शेवटी तो आला. थोडं थोडं लिहीत त्यानं सांगितलं. तो फेरीबोटीचं इंजिन सांभाळायचा, आता घरी असतो. थोरल्या मुलीला घरात ताईच म्हणायचे. तिच्या लग्नाच्या वेळी तो एक शब्द जास्त बोलला आणि ती दुखावून गेली ती गेलीच. पूर्वी दोघं मिळून हाच गेम खेळायचे. म्हणून त्यानं हे जग उभं केलं आणि तिला निरोप पाठवून पत्ता सांगितला. आणि एक दिवस काठावर 'ताई' उभी दिसली. 'शब्दानंच गेली होती,' त्यानं लिहिलं, 'म्हणून शब्दच काढला नाही. वाटलं, बोललो की जाईल.'

ताईनं डोळे पुसले. मग एकदम ताठ बसली. 'पत्ता कसा सांगितला होतात?'

'बोलून, फोनवर निरोप ठेवून. शेवटी एकोणसत्तर.'

'मराठीत?'

'मग कशात?'

'अहो, मग तिनं सत्तर ऐकून सात नऊ टाकले असतील! माझंही असंच झालं.'

नावाड्यानं हातातलं फावडं खाली टाकलं. मग, 'असं होऊ शकतं?'

'तिला फोन करा. दुसरं काही बोलू नका. नुसतं विचारा, कुठला आकडा टाकला होतास.'

'उचलला नाही तर?'

'परत करा.'

तो गेल्यावर ताईनं स्वतः सात नऊ टाकून पाहिलं. पलीकडून काहीच उत्तर आलं नाही, तिथं कुणाचंही जग नव्हतं. हे तिनं त्याला कधी सांगितलं नाही.

मधल्या काळात ती भावाच्या जगातही जायला लागली. तिथं माळरान होतं, उंच गवत, आणि त्यानं तिच्यासाठी बांधून ठेवलेली एक ओसाड खोली. ती बघून तिला अपराध्यासारखं झालं. पण भावाला राग नव्हता, कुतूहलच फार. "मलाही दाखव तुझा कालवा," म्हणाला, आणि एका दुपारी पंखा एकोणसत्तरवर येऊन थडकला. त्याचं आणि नावाड्याचं असं जमलं की विचारू नका. एक पवनचक्कीवाला, दुसरा बोटीच्या इंजिनवाला. बेअरिंग आणि ग्रीस यांवर पडद्यावर ओळींमागून ओळी पडत होत्या आणि ताई बिचारी एकटीच खणत होती. त्यानंतर भावाचे फोन लांबायला लागले. "नावाडीकाका काय म्हणतात?" इथून सुरुवात झाली की कुठून कुठं जायचं बोलणं!

आणि नावाड्यानं फोन केला. मुलीनं उचलला. तिनं कुठलाच आकडा टाकला नव्हता. निरोप अर्धा ऐकून पुसून टाकला होता. तेही त्यानं ताईला खरं खरं लिहून सांगितलं. 'पण सात नऊची गोष्ट ऐकून हसली,' त्यानं लिहिलं. 'म्हणाली, बाबा, आता पत्ता सांगाल तर एकेक आकडा सुटा सांगा.'

एका दुपारी ताई त्या घराच्या वरच्या खिडकीला काच बसवत होती. खाली नदीकाठी एक नवीनच आकृती उमटली. लाल कपडे, डोक्यावर नाव 'थोरली'. ती इकडेतिकडे बघत उभी राहिली. कालव्याच्या टोकाकडून नावाडी धावत येत होता, मध्येच थांबत होता, पुन्हा धावत होता. ताईनं काच बसवली, ती नीट बसली आहे ना ते पाहिलं, आणि गुपचूप तिथून बाहेर पडली.

"थांबली का नाहीस?" मी विचारलं.

"घरात दोन ताया झाल्या असत्या," ती म्हणाली.

मग ती भावाकडे गेली. पंखा माळावर उभा होता. तिनं लिहून हाक मारली. जवळ जाऊन पाहिलं, तो हलेना. रात्रपाळी करून आलेला, खेळता खेळता तिकडे खुर्चीतच झोप लागली असणार. त्या माळावर अंधार पडला की रानटी प्राणी फिरायचे. ताईनं त्याच्याभोवती लाकडी कुंपण घातलं, चार कोपऱ्यांना दिवे लावले आणि जागा उरली तिथं पिवळी फुलं लावली. मग कुंपणाला टेकून उभी राहिली. गवतावरून वारा जात होता. बाहेर मालकांनी शटर वर केलं, पहिलं गिऱ्हाईक आत आलं, आणि मी ताईला हाक मारली नाही.

बऱ्याच वेळानं पडद्यावर अक्षरं उमटली. 'डोळा लागला होता गं.'

'झोप,' ताईनं लिहिलं. 'मी आहे.'