गुहेतला गणपती

हिमायतनगरच्या आमच्या इमारतीत खालच्या मजल्यावर राहणारे काका प्रत्येक सहलीला येतात आणि प्रत्येक सहल नासवतात. या वेळी अराकूच्या डोंगरात गेलो होतो. धबधब्यापाशी सगळे गप्प उभे असताना हे म्हणाले, "पानीच आहे की, नळाला येतंय तेच." तिथल्या गावात आमच्यातल्या बायका हळद घेऊ लागल्या तर म्हणाले, "आपल्या बेगम बाजारात हीच मिळते, उगा ओझं नक्को." दोघींनी हातातली हळद परत ठेवली.

गुहेत गाइड टॉर्च मारून दगडांत आपोआप झालेले आकार दाखवत होता, हा गणपती, ही कामधेनू. काका दर वेळी मोठ्यानं म्हणायचे, "फत्तर आहे हो." पुढच्या सहलीचं यांना कळवायचंच नाही, असं मी तिथंच ठरवलं.

माझ्या आईला हल्ली नीट दिसत नाही. अंधारात तिनं शेजारच्याची बाही धरून विचारलं, "कसा आहे हो गणपती?" बाही नेमकी काकांची. आता काय ऐकावं लागणार म्हणून मी डोळे मिटले.

"बसलाय," काका म्हणाले. "सोंड डावीकडं. पोट चांगलं मोठं आहे. उंदीर मात्र दिसत नाही."

आईनं हात जोडले.

मग माझ्याकडे वाकून, आईला ऐकू जाणार नाही अशा बेतानं काका म्हणाले, "फत्तर आहे."