वेडूनानांची पेन्सिलीतली वाट

दुकानात गिऱ्हाइकासमोर कापड मापून कापत होतो, तेव्हा शालिनीअक्कांचा फोन आला. एरंडोलच्या आमच्या नकाशे मंडळाच्या त्या अध्यक्ष. शाळेतून निवृत्त झाल्या, तरी आवाज अजून वर्गातलाच. "वेडूनाना सकाळी गेले," त्या म्हणाल्या, आणि जरा थांबून, "चोपड्याची वाट पेन्सिलीतच राहिली." मी बरं म्हटलं आणि कापत राहिलो. गिऱ्हाईक गेल्यावर कळलं, अडीच मीटरच्या जागी साडेतीन कापलं होतं. नाना असते तर त्यावरून आठवडाभर मला छळलं असतं...

आमचं मंडळ काय करतं, हे सगळ्यांनाच ठाऊक असेल असं नाही. आपल्या जगातून पलीकडच्या जगांत जाणाऱ्या जादूच्या वाटा खानदेशात पुष्कळ आहेत; कुठे केळीच्या दोन ओळींमधून, कुठे कापसाच्या जिनिंगच्या मागच्या भिंतीपासून. आम्ही त्या चालून कागदावर आणतो, म्हणजे शेळ्या चारणारे, झाडपाला गोळा करणारे, सासर पलीकडे असलेल्या मुली यांची वाट चुकत नाही. रीत साधी आहे. पहिला माणूस वाट पेन्सिलीने काढतो. दुसरा तोच कागद घेऊन एकटा जातो आणि पलीकडची चिमूटभर माती आणून टेबलावर ठेवतो. मगच शाई. काढणारा वारला आणि महिन्याभरात दुसरं कोणी चालून आलं नाही, तर पेन्सिल खोडून टाकतात. शंका विचारायला माणूसच उरलेला नसतो.

मी धरणगावचा, घरचा धंदा कापडाचा, आजोबा राजस्थानातून आलेले. मंडळात गेलो तेव्हा वाटा काढणाऱ्या नानांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि त्यांच्या अहिराणीत म्हणाले, "शेठ, गादीवरून उठता येस ना?" तेव्हापासून मी शेठच. त्यांना माझं खरं नाव माहीत होतं की नाही, याची मला आजही शंका आहे. स्वतः मात्र सत्तरीतही एरंडोल ते पद्मालय पायी जायचे आणि वाटेत कुठल्या झाडाला यंदा बहर कमी आहे, हे परत येऊन सांगायचे. त्यांच्याबरोबर मी सहा वाटा चाललो. दोन जगांच्या मध्ये थोडा पट्टा असा असतो, की तिथे हेही जग नसतं आणि तेही नसतं. स्वतःचे पाय दिसत नाहीत, पावलांचा आवाज येत नाही. तिथे मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवायचो आणि ते मुद्दाम बाजारभावाच्या गप्पा काढायचे.

आता जे लिहितो आहे, ते सोळा वर्षं कोणाला सांगितलेलं नाही. धरणगावच्या जिनिंगमागची वाट नानांनी काढली आणि दुसरा म्हणून पहिल्यांदाच मला एकट्याला पाठवलं. मी त्या पट्ट्यापर्यंत गेलो. पायांकडे पाहिलं, पाय नव्हते. मी माघारी पळालो. नवा माणूस दुसरा म्हणून जाऊन मागे फिरला तर मंडळातून नाव कमी करतात, म्हणून मी जिनिंगच्या आवारातली चिमूटभर माती पुडीत बांधली आणि टेबलावर ठेवली. नानांनी पुडी उघडली. मातीत एक सरकी होती. पलीकडे कापूस होत नाही, हे आमच्या मंडळात कोणालाही कळतं. नानांनी ती सरकी उचलून खिशात टाकली आणि म्हणाले, "माती चांगली शे." आणि शाईची बाटली उघडली.

त्या नकाशात एक फाटा सुटला होता. मी चाललो असतो, तर तो सापडला असता. शेळ्या घेऊन गेलेली एक बाई पलीकडे दोन दिवस भटकली. सुखरूप आली, पण तिच्या मुलीचा चेहरा मी पाहिला आहे. मंडळाची बैठक बसली. मी खाली मान घालून गप्प. नाना उभे राहिले. "माती मी पाहेल होती. चूक मनी शे." त्यांच्या हातातली लेखणी काढून घेतली गेली. पुढे त्यांनी काढलेल्या प्रत्येक वाटेवर शाई दुसऱ्याने भरली आणि नावही दुसऱ्याचंच लागलं. मी भित्रा होतो, हे आज सरळ लिहितो. नानांनी मात्र तो विषय कधी काढला नाही. मला शेठ म्हणत राहिले, माझ्या हातचा चहा पीत राहिले.

म्हणून चोपड्याची वाट खोडली जाऊ नये, असं वाटत होतं. महिना भरायला चार दिवस असताना मी अक्कांकडून कागद घेतला आणि सकाळीच चोपड्याच्या केळीच्या बागेत शिरलो. दुसऱ्या माणसाला नकाशा घडी करून देतात. जिथवर पोचलो, तिथवरचीच घडी उघडायची. वय साठ, गुडघे कुरकुरणारे. पाचव्या घडीला हिरवा उजेड विझला आणि माझे पाय दिसेनासे झाले. तेव्हाही मागे फिरलो असतो, खोटं कशाला बोलू. पण आधी घडी उघडली. कागद तेवढा दिसत होता. वाटेच्या रेषेखाली नानांच्या तिरक्या अक्षरात लिहिलं होतं, "शेठ, आठे घाबरू नको. पंचवीस पावलं शेतस. मोजत चाल."

मी मोठ्याने मोजलं. चौदाव्या पावलाला रडू आलं, तरी मोजत राहिलो. पंचविसाव्याला पायाखाली तांबूस, गार माती लागली.

एरंडोलला येऊन ती टेबलावर ठेवली आणि सोळा वर्षांपूर्वीच्या मातीचंही सांगितलं. माझी लेखणी गेली, ते योग्यच झालं. चोपड्याच्या नकाशावर नानांचं नाव लागलं. शाई भरायला बसलेल्या अक्कांनी त्या ओळीवर बोट ठेवून विचारलं, "हे खोडायचं ना? नकाशावर कोणा एकासाठी काही लिहीत नाहीत." मी म्हटलं, "अक्का, तिथे सगळेच घाबरतात." अक्कांनी लेखणी शाईत बुडवली. मग त्यांनी ती अक्षरं शाईने गिरवली. आता चोपड्याच्या वाटेने जो जाईल, शेळ्यावाला असो की सासुरवाशीण, त्याला नाना शेठ म्हणतील.