नेटवर्क ठीक आहे

कंडक्टरबाई निवृत्त झाल्या तेव्हा डेपोत त्यांच्या कौतुकाची भाषणं झाली, आणि त्या फाटकाबाहेर पडल्यावर निम्म्या डेपोने सुटकेचा निःश्वास टाकला, असं म्हणतात. म्हणणारे खोटं बोलत नसावेत. बाईंच्या तोंडाला लागायची भल्याभल्यांची हिंमत नव्हती. त्यांच्या गाडीत कुणी एखाद्या मुलीला मुद्दाम धक्का दिला, कुणा म्हाताऱ्याला अरेतुरे केलं, की घंटी वाजलीच म्हणून समजा. गाडी भर रस्त्यात थांबायची, दार उघडायचं, आणि तो गडी पायरीवरून खाली उतरेपर्यंत बाई त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार करायच्या. शिवी अशी की ऐकणाऱ्याला घरी जाऊन अंघोळ करावीशी वाटावी. पण एक खरं, त्यांच्या गाडीतून लोक मान ताठ ठेवून प्रवास करायचे. हे डेपोतले त्यांचे शत्रूसुद्धा कबूल करतील.

आता एवढं तोंड घेऊन माणसाने घरी बसून करायचं काय? नवरा कधीच गेलेला, मूलबाळ नाही, त्यात उभं राहून राहून गुडघे कामातून गेलेले. पहिले काही महिने बाई शेजारणींवर घसरल्या. मग शेजारणी दारं लावून घ्यायला लागल्या. बाईंची गाडी भिंतींशी बोलण्यापर्यंत आली होती, तेवढ्यात बारकी राहायला आली म्हणून निभावलं.

बारकी म्हणजे बहिणीची मुलगी. अंगाने काडी, म्हणून बारकी. या शहरात तिला नोकरी लागली ती दातांच्या लॅबमध्ये. डॉक्टरांकडून तोंडाचे साचे येतात, त्यावरून ही मेणाचा दात कोरते, मग त्याचा पक्का दात बनतो. हात असा की शेजारच्या खऱ्या दाताला संशय येऊ नये. काम तिने मुद्दाम असं निवडलं होतं की दिवसभर कुणाशी बोलावं लागू नये. लहानपणापासून ती अडखळायची. पहिलं अक्षर जिभेशी अडून बसायचं, ते काही केल्या सुटायचं नाही, आणि समोरचा माणूस एकतर दुसरीकडे बघायचा नाहीतर तिचं वाक्य स्वतःच पुरं करून टाकायचा.

वाक्य पुरं करण्यात पहिला नंबर कुणाचा असेल? मावशीचाच. दुकानात बारकीने 'अ... अ...' म्हटलं की मावशी 'अर्धा किलो साखर' सांगून मोकळी. मुलीला अंडी हवी असायची. बिचारी साखर घेऊन घरी यायची. मावशीच्या मनात पाप नव्हतं हो, माया होती. पण माया कधीकधी फार घाईत असते.

या बारकीने मावशीला ताफ्याच्या नादी लावलं. 'ताफा' हा कॉम्प्युटरवरचा खेळ. पाच जणांनी पाच ट्रक घेऊन बर्फाच्या घाटातून माल न्यायचा. हे पाच जण पाच ठिकाणी आपापल्या घरात बसलेले, कानाला हेडफोन, तोंडाशी माईक. घाटात धुकं एवढं की मागच्यांना काही म्हणजे काही दिसत नाही. सगळ्यात पुढे असतो तो वाटाड्या. त्याने सांगायचं, डावीकडे घ्या, थांबा, पुढे दरड आहे, आणि मागच्यांनी त्याच्या शब्दावर स्टिअरिंग फिरवायचं. शब्द चुकला तर ट्रक दरीत.

आणि बारकी वाटाड्या होती. हो, हीच बारकी. तिच्या जुन्या टोळीला सवय झाली होती. तिने 'ड...' म्हटलं की चौघंही आपोआप ब्रेकवर पाय ठेवायचे. शब्द पुरा व्हायचा, मग गाड्या वळायच्या. तिच्याइतका घाट कुणालाच वाचता येत नव्हता, त्यामुळे थांबायला कुणाची ना नव्हती. दिवसभर गप्प असलेली मुलगी संध्याकाळी हेडफोन चढवून अशी खुलायची की मावशी स्वयंपाकघरातून बघत राहायच्या. मग त्यांना राहवेना, बारकीचा जुना कॉम्प्युटर आतल्या खोलीत मांडून त्याही बसल्या. शेवटच्या ट्रकवाल्याने नुकताच खेळ सोडला होता, त्याचा ट्रक घेतला. मागून राखण करायची, म्हणजे बाईंचंच काम. खेळातलं नाव घेतलं 'डबलबेल'.

सगळं छान चाललं होतं आणि तोफखाना आला.

हे त्याचं खेळातलं नाव. खरं नाव देव जाणे. टोळीतला आणखी एक जण सोडून गेला, त्याच्या जागी हा. गाडी चांगली हाकायचा, त्यात वाद नाही. पण पहिल्याच संध्याकाळी बारकी म्हणाली, "ड... ड... डावीकडे," आणि लगेच मागून, हुबेहूब तिच्याच सुरात, "ड... ड... ड... डावीकडे." आणि हसला. बाईंना वाटलं, नवा आहे, कळेल त्याला. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तर त्याने तिच्या 'उ... उ... उजवीकडे'च्या मागोमाग तिच्याच आवाजात 'ड... ड... डावीकडे' सोडून दिलं. मधल्या ट्रकवाल्याला कळेना खरी बारकी कोणती. तो गेला सरळ दरीत. वर हा शहाणा म्हणतो कसा, "वाटाड्याला बोलता येत नसेल तर असंच होणार."

बारकीने माईक बंद केला. त्या दिवसापासून ती टाइप करायला लागली. पण एका हाताने ट्रक आणि एका हाताने टायपिंग कसं जमणार? 'दरड' हा शब्द पडद्यावर उमटेपर्यंत दरड अंगावर. टोळी हरायला लागली. एका संध्याकाळी तिने हेडफोन काढून टेबलावर ठेवले आणि म्हणाली, "म... मावशी, मी सोडते हे. क... कंटाळा आला."

कंटाळा कसला डोंबलाचा! जगात एक जागा होती जिथे ही पोर आपणहून तोंड उघडायची. तीही त्या मेल्याने काढून घेतली. बाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "उद्याचा एक खेळ खेळ," त्या म्हणाल्या. "फक्त उद्याचा, पण माईक लावून."

दुसऱ्या दिवशी तोफखान्याने नक्कल केली मात्र, डबलबेलच्या तोंडाचा पट्टा सुटला. सगळ्या नोकरीतलं संचित बाईंनी त्या घाटात ओतलं. चौघांचे ट्रक जागच्या जागी उभे राहिले. मधल्या ट्रकवाल्याने तर नंतर सांगितलं की त्यातले दोन शब्द त्याला आजवर माहीतच नव्हते. सगळं बोलून झाल्यावर बाईंनी तोफखान्याच्या नावापुढचं लाल झेंड्याचं बटण दाबलं. ते तक्रारीचं. ते दाबलं की खेळ चालवणारी कंपनी त्या सामन्याचा आवाज ऐकते आणि निकाल देते. बाईंना त्या बटणात आपली जुनी घंटी दिसली. त्या समाधानाने चहा टाकायला उठल्या.

निकाल आला तो असा. तोफखान्यानेही डबलबेलवर झेंडा दाबला होता. डबलबेलचे शब्द अत्यंत स्पष्ट ऐकू आले होते, त्यामुळे पंधरा दिवस तिचा माईक बंद. आणि तोफखान्याबद्दल लिहिलं होतं: 'कोणताही आक्षेपार्ह शब्द आढळला नाही. सदर सामन्यात दोन खेळाडूंचा आवाज नेटवर्कच्या अडथळ्यामुळे तुटक येत होता. कृपया आपले कनेक्शन तपासावे.'

बाईंनी ते दोनदा वाचलं. पहिल्यांदा त्यांना अर्थ लागला नाही. दुसऱ्यांदा लागला, आणि त्यांना बारकीकडे बघवेना.

बारकी मात्र पडद्याकडे टक लावून होती. कंपनीतल्या त्या माणसाने तिचा आवाज ऐकला होता. तिची उभ्या जन्माची अडचण ऐकली होती, आणि त्याला ती तार खराब वाटली होती. तिचं बोलणं आणि तोफखान्याची टवाळी, दोन्ही त्याच्या लेखी एकच.

"त्यांचा फोन नंबर शोध," बाई म्हणाल्या. "मी बोलते."

"न... नंबर नसतो, मावशी."

"मग पुन्हा तक्रार कर. मी सांगते, तू लिही. लिही की, महोदय, आपल्या कानात बोळे..."

"मावशी." बारकीने खुर्ची वळवली. "तू ग... ग..."

"गरम होतंय का? पंखा लावू?"

"ग... गप्प बस."

बाई गप्प बसल्या. मुलीने त्यांना असं कधी म्हटलं नव्हतं. खरं तर कुणीच कधी म्हटलं नव्हतं, म्हणून पुढे काय करायचं असतं हे बाईंना ठाऊकच नव्हतं. त्या पलंगाच्या कडेला टेकल्या.

फेरतक्रार करायची तर ज्याला त्रास झाला त्यानेच करायची, असा नियम होता. लिहून द्या नाहीतर बोलून. बोलायला मुदत दोन मिनिटांची. बाईंची खात्री होती, ही लिहिणार. कुणीही लिहिलं असतं. बारकीने माईकच्या चित्रावर बोट ठेवलं.

"ल... लिहिलं तर त्यांना क... कळणार नाही," ती म्हणाली. "ऐ... ऐकू दे त्यांना."

पडद्यावर एक हिरवी पट्टी सरकायला लागली. बारकीने तोंड उघडलं.

"ह... हा... हा नेटवर्कचा द... दोष नाही. म... मी अशीच बोलते."

एवढं बोलायलाच पट्टी चांगली लांब गेली. पुढे तिने सांगितलं, की दुसरा आवाज जो तुटतोय तो मुद्दाम तुटतोय, माझी नक्कल आहे ती, आणि त्यामुळे मी बोलायचं बंद केलं. 'त... त... तोफखाना' वर ती अडली. त, त, त, आणि पट्टी सरकतेय, सरकतेय. बाईंच्या ओठांवर शब्द आला होता. अगदी बाहेर पडायच्या बेतात. त्यांनी पदराचा बोळा तोंडात कोंबला, खरंच कोंबला, आणि डोळे मिटून घेतले. शब्द सुटला. बारकीचा, तिच्या तोंडून, तिच्या वेळेत.

शेवटचं वाक्य तिने सुरू केलं, "मला खे... खे..." आणि पट्टी संपली. रेकॉर्डिंग बंद.

"पुन्हा कर," बाई पदर काढून म्हणाल्या. "जरा भराभर..." आणि स्वतःच थांबल्या.

"न... नको." बारकीने पाठवायचं बटण दाबलं. "अर्धं र... राहिलं तर राहू दे. का राहिलं ते क... कळेल त्यांना."

कळलं. चार दिवसांनी उत्तर आलं, आणि या वेळी लिहिणाऱ्याने कनेक्शनबिनेक्शन काही काढलं नव्हतं. आमची चूक झाली, आम्ही दिलगीर आहोत, असं सरळ लिहिलं होतं. तोफखान्याला खेळातून कायमचं काढलं होतं. बारकी ते वाचून नुसती मान हलवून कामावर गेली. बाईंनी मात्र त्या दिवशी जिना चढउतार करताना भेटेल त्याला थांबवून सगळी हकीकत ऐकवली. गुडघ्यांची शुद्ध नव्हती. ज्या शेजारणी दारं लावून घ्यायच्या त्यांना दाराबाहेर बोलावून ऐकवली. "आपल्या तोंडाने तक्रार केली पोरीने," त्या सांगत होत्या. "मी एक अक्षर बोलले नाही." यातलं दुसरं वाक्य कुणालाच खरं वाटलं नाही.

त्या संध्याकाळी ताफा पुन्हा निघाला. तोफखान्याच्या जागी एक अनोळखी बाई आली होती. बारकीने हेडफोन चढवले, क्षणभर थांबली, आणि माईक सुरू केला. डबलबेल आपला शेवटचा ट्रक घेऊन मागे, माईक अजून बंद, शिक्षा संपायची होती.

पहिलं वळण आलं. बारकी म्हणाली, "उ... उ..."

"हॅलो?" नवी बाई म्हणाली. "पुढच्याचा आवाज तुटतोय. नेटवर्कचा काही घोळ आहे का?"

शेवटच्या ट्रकमध्ये कंडक्टरबाईंनी आपल्या बंद माईककडे बघितलं. त्यांना सांगता येत नव्हतं. सांगता आलं असतं तर त्यांनी सांगून टाकलं असतं, आणि ते वाईट झालं असतं.

"न... नेटवर्क ठीक आहे," बारकी म्हणाली. "म... मी अशी बोलते. माझा शब्द प... पुरा होईपर्यंत थांबायचं."

नव्या बाईचे ब्रेक लागल्याचं ऐकू आलं. "बरं," ती म्हणाली. "थांबले."

चारही ट्रक धुक्यात एकामागे एक उभे राहिले. इंजिनं घुरघुरत होती. बारकीने तिचा वेळ घेतला.

"उ... उ... उजवीकडे."

गाड्या उजवीकडे वळल्या. कंडक्टरबाईंनी स्टिअरिंग फिरवलं, डोळे पुसले, आणि माईक बंद होता म्हणून खोलीतल्या भिंतीलाच सांगितलं, "आमची आहे ती."