नाटकात नसलेला नवरा

पुढे सिनेमात आणि मालिकांत मला एकच काम मिळत गेलं. मार खाणारी बायको. दिग्दर्शक म्हणायचे, "बाई, तुमच्यासारखं कोलमडायला कुणाला जमत नाही." कसं जमेल? माझी तालीम मुरबाडला घरीच झाली होती, लग्नाच्या पहिल्या वर्षापासून.

नव्वद सालानंतरची गोष्ट. आमच्याकडे गावोगावच्या जत्रेत नाटक असायचं. पुरुषांची कामं गावचेच लोक करायचे, महिनाभर देवळात तालमी चालायच्या. नटी मात्र बाहेरची, आणि तीही ऐन त्या दिवशी यायची. एसटीतून उतरायचं, तोंडाला रंग फासायचा आणि विंगेतल्या प्रॉम्प्टरच्या जिवावर अख्खं नाटक ओढून न्यायचं. मला ते झकास जमायचं. तेवढीच एक जागा माझी होती.

नवरा वाशिंदला कारखान्यात होता. त्या सकाळी तो म्हणाला, "आज परत रंग लावलास तं स्टेजवर येऊन तंगडी तोडीन." मी म्हटलं, "तोडून दाखव," आणि निघाले. त्या दिवशी मागे फिरले असते तर पुन्हा कधीच उंबरठा ओलांडू शकले नसते, हे मला पक्कं ठाऊक होतं.

गाव किन्हवलीच्या अलीकडचं. दुसरा अंक रंगात आला होता. माझ्या भावाचं काम करणारा शेतकरी शेजारी उभा, कमरेला खराखुरा कोयता. खोटा कोयता कोण विकत आणणार? घरातलंच सामान घेऊन उभं राहायचं, अशीच रीत. तेवढ्यात नवरा समोरून स्टेजवर चढला. माझे केस धरले आणि पहिली थोबाडीत डाव्या कानावर बसली. मग लाथ. मी टेबलावर आदळले, ओठ फुटला. "वाचवा!" म्हणून ओरडले, तर लोकांनी शिट्ट्या वाजवल्या!

सोबतचे नट खांबासारखे उभे. त्यांना वाटलं, नटीने आपलं माणूस आणलंय, असेल काहीतरी नवीन. प्रॉम्प्टर तर बिचारा माझ्या नवऱ्याचं वाक्य शोधत पानं उलटत होता. पुढच्या रांगेतल्या एका म्हातारीने मात्र चप्पल भिरकावली. "मेल्या, सोड तिला!" तिचं बघून दोन-तीन पोरं उठली, एकाने स्टेजवर पायसुद्धा ठेवला.

आणि माइक खरखरला. "खलनायकाच्या झकास कामाबद्दल सरपंचांकडून बक्षीस!"

बक्षीस पुकारलं की नाटक जागच्या जागी थांबतं. माझा नवराही थांबला. जन्मात कुणी कौतुक केलं नव्हतं त्याचं. केसातली मूठ सैल सोडून तो लोकांकडे बघायला लागला. मी वर टांगलेल्या माइककडे धावले आणि बोंबलले, "ह्या नाटक नाय! ह्यो माझा नवरा हाय!"

स्टेजवर ठेवलेला पाय त्या पोराने खाली घेतला. मागून कुणीतरी म्हणालं, "नवरा हाय तं घरचा मामला हाय. पडदा पाडा रे." सगळे खाली बसले. लाथेपेक्षा ते बसणं मला लागलं. आणि तो हसला.

त्या हसण्यावर माझं डोकं फिरलं. भावाच्या कमरेचा कोयता उपसला आणि घातला. नेम बिम काही धरला नव्हता, लागला तो हातावर, कोपरापासून मनगटापर्यंत. रंगवलेल्या पडद्यावर रक्त उडालं. "तोड आता तंगडी!" मी किंचाळत होते. तो हात धरून खाली उडी मारून पळाला. लोकांनी त्याला मुकाट्याने वाट दिली. मला तेव्हा जरासुद्धा वाईट वाटलं नाही, आजही वाटत नाही.

मी प्रॉम्प्टरला म्हटलं, "पुढचं वाक्य द्या." तिसरा अंक पुरा केला. डावा कान तेव्हापासून गेला तो गेलाच.

रंग पुसत होते तेव्हा ती म्हातारी चप्पल शोधत मागे आली. माझा ओठ पदराने टिपला आणि खरंच चिडून म्हणाली, "बाय, नवरा हाय असा कशाला सांगितलास गो? नसता सांगितलास तं आमी त्याला उभा फाडला असता."

मी तिची चप्पल उचलून तिच्या हातात दिली.