वळणाअलीकडची पावलं
समईची वात विझताना धुराचा वास आला की मला मेळघाटातली ती चढण आठवते. तोड्याच्या बंदुकीला बत्ती द्यायची पेटती सुती दोरी असे, तिचा वासही असाच. कापसाला सोन्याचा भाव आला त्या साली माझ्या थोरल्या चुलतभावाने तशी बंदूक घेतली होती, आणि तिचा परवाना तो मुंडाशात खोचून ठेवी. कायदा सरळ होता: परवाना ज्याच्या नावाचा, बंदूक त्याच्याच खांद्यावर. डोंगरातल्या देवाला आम्ही दोघे पायी निघालो होतो, वाटेत वाघाची धास्ती म्हणून बंदूक सोबत. नारळ-भाकरीचं गाठोडं माझ्या डोक्यावर होतं, सागाची वाळली पानं पायाखाली कडकड मोडत होती. एका वळणाअलीकडे तो थांबला. "थकला तू. गाठोडं मले दे, बंदूक घे घडीभर." वळणापलीकडे पोलिसांची चौकी होती, त्याला ठाऊक होती, मला नव्हती. शिपायाने परवाना मागितला. "दादाच्या मुंडाशात हाय," मी म्हणालो. दादाने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "माह्यापाशी कायचा परवाना? बंदूक त्याची हाय, मी तं भाकरी घेऊन चाललो." आठ दिवस कोठडीत काढून मी घरी आलो, तेव्हा तो शांतपणे म्हणाला, "परवान्याची मुदत दिवाळीतच सरली होती. मले लेकरं हायेत, तुले कोन हाय?" आता म्हातारपणी ती कोठडी फारशी आठवत नाही. आठवतो तो ओझं उतरल्यावरचा हलकेपणा, आणि दादाचा किती जीव आहे आपल्यावर, असं म्हणत मी चाललेली ती दहा-वीस पावलं.