न शिजणारी डाळ

डाळ शिजेना, एवढ्यावरून माझ्या जावेची झोप उडाली होती, हे सांगितलं की लोक हसतात. हसोत बापडे. त्यांनी वाळवंटात संसार थाटून बघावा.

साल १९९८. माझे धाकटे दीर, उल्हासभाऊजी, यांनी दुबईच्या रास अल खोरमधलं चांगलं चालणारं वर्कशॉप विकलं, गाडीही विकली. बायको सुलक्षणा आणि लहानग्या अंतराला घेऊन ते रास अल खैमाच्या पलीकडे, ओळखीच्या अरबाच्या ओसाड मळ्यावर राहायला गेले. पिकेल तेच खायचं, दुकानाची पायरी चढायची नाही, घरात फोन नाही. एकदा डोक्यात घेतलं की ब्रह्मदेवाचंही न ऐकणारा माणूस!

दोन वर्षं निभली. तिसऱ्या उन्हाळ्यात घरच्या तुरीची डाळ कितीही रटरटली तरी टणकच राहू लागली. मग शेळ्या पाण्याला तोंड लावेनात. सुलक्षणाने पाणी चाखून बघितलं. विहीर खारी होत चालली होती.

"अहो, पोरीचे ओठ फुटलेत. दुबईला जाऊ या."

"डाळ जुनी आहे, दुसरं काही नाही," भाऊजी म्हणाले. "आणि अंतरा इथून हलणार नाही. खलास!"

त्यांचे डोळे बघून तिला विहिरीपेक्षा नवऱ्याची जास्त भीती वाटली.

भाजी वाफवताना आपण वर पाण्याची ताटली ठेवतो ना, तेच तिने केलं. पातेल्यात खारं पाणी, मधोमध वाटी, वर खोलगट ताटलीत गार पाणी. वाटीत ठिबकलेल्या गोड्या पाण्याने बाटली भरली. भाऊजी शेळ्यांमागे गेले तशी ती अंतराला घेऊन रस्त्याच्या दिशेने निघाली. मागे बघायची छाती होईना. बाटली वाटेतच संपली.

रस्त्यावर एका पठाणाची पिकअप थांबली. त्याने पाणी दिलं, दोघींना आत घेतलं आणि विचारलं, "पीछे और कोई है?"

गाडी मळ्याकडे वळली, तर भाऊजी अंतराला खाली ओढून घेतील. सुलक्षणाला दुसरं काही सुचेना. गावात पोचताच शैलेंद्रभाऊजींना, म्हणजे माझ्या नवऱ्याला, फोन करायचा, ते पाणी घेऊन जातील, असं तिने मनाशी घोकलं.

"कोई नहीं, भाई. यल्ला, चलो."

"बट आई, बाबा इज देअर!"

सुलक्षणाने लेकीचं तोंड घट्ट दाबून धरलं.